सरकारी शाळांत लॅटिन शिकवावे का, आणि शिकवायचे तर कोणत्या कारणासाठी?

वैखरी (धागाकर्ती)

इंग्लंडमधील सरकारी शाळांत लॅटिन शिकवावे की नाही, हा वाद गेल्या काही वर्षांत पुन्हा पेटला आहे आणि येथे स्थायिक झालेल्या मराठी पालकांपर्यंतही तो पोहोचला आहे. नववीच्या वर्षात मुलांना जीसीएसईचे, म्हणजे सोळाव्या वर्षीच्या शालान्त परीक्षेचे, विषय निवडावे लागतात. माझ्या मुलीच्या शाळेत त्या यादीत लॅटिन आहे आणि तिला ते घ्यायचे आहे. "बोलणारे कोणी उरलेले नाही, ती भाषा शिकून पुढे काय?" असे घरातल्या वडीलधाऱ्यांनी विचारले, तेव्हा लक्षात आले की लॅटिनच्या बाजूने जी कारणे सर्रास सांगितली जातात, त्यांतली बरीचशी मला स्वतःलाच पटत नाहीत. मला पटणारे कारण वेगळे आहे आणि ते मांडण्यासाठी हा धागा काढते आहे.

आधी थोडी पार्श्वभूमी. १९६० पर्यंत ऑक्सफर्ड आणि केंब्रिजच्या प्रवेशासाठी लॅटिन आवश्यक होते, त्यामुळे ज्या शाळांना आपली मुले तेथे पाठवायची असत, त्या शाळा ते शिकवत. ती अट उठली आणि सरकारी शाळांतून लॅटिन ओसरत गेले. भरभक्कम फी घेणाऱ्या खासगी शाळांनी मात्र ते सोडले नाही. २०२१ साली शिक्षण खात्यानेच उद्धृत केलेल्या आकडेवारीनुसार अकरा ते चौदा वर्षांच्या मुलांना लॅटिन शिकवणाऱ्या सरकारी शाळा तीन टक्क्यांहूनही कमी होत्या, तर खासगी शाळांत हेच प्रमाण ४९ टक्के होते. ही दरी कमी करण्यासाठी त्या वर्षी ४० लाख पौंडांची योजना जाहीर झाली. सप्टेंबर २०२२ पासून चाळीस शाळांत ती चार वर्षे चालायची होती. पुढे सरकार बदलले, आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये, म्हणजे शैक्षणिक वर्षाच्या ऐन मध्यावर, निधी थांबेल असे डिसेंबर २०२४ मध्ये सांगण्यात आले. ज्या मुलांनी परीक्षेसाठी हा विषय आधीच निवडला होता, त्यांचे पुढे काय करायचे हे ठरवायला शाळांना जेमतेम दोन महिने मिळाले.

योजना जाहीर होताना आणि बंद होताना जी चर्चा झाली, तिच्यात एक जुना दावा सतत डोके वर काढत होता, तो म्हणजे लॅटिनने बुद्धीला शिस्त लागते, तर्क धारदार होतो आणि पुढे कोणताही विषय सोपा जातो. या दाव्याची तपासणी फार पूर्वी झालेली आहे. अमेरिकेत मानसशास्त्रज्ञ एडवर्ड थॉर्नडाइक यांनी १९२४ साली हजारो विद्यार्थ्यांची वर्षाच्या सुरुवातीची आणि शेवटची चाचणी ताडून पाहिली. लॅटिन घेणारी मुले हुशार दिसतात याचे मुख्य कारण हुशार मुलांनाच लॅटिनकडे पाठवले जाते, हे त्यातून पुढे आले. अलीकडे, २००३ साली, लुडविग हाग आणि एल्स्बेथ श्टेर्न या जर्मन संशोधकांनी आणखी नेमका प्रश्न विचारला. शाळेत लॅटिन शिकलेले आणि फ्रेंच शिकलेले अशा दोन गटांनी नंतर स्पॅनिशचा वर्ग केला, तेव्हा स्पॅनिश लिहिताना फ्रेंचवाल्यांच्या चुका कमी झाल्या. एखादी आधुनिक भाषा शिकायची असेल तर तिच्या जवळची आधुनिक भाषा अधिक उपयोगी पडते, यात खरे तर आश्चर्य वाटण्यासारखे काही नाही. हा दावा लॅटिनच्या चाहत्यांनी मनापासून सोडून द्यावा असे मला वाटते, कारण तो खोटा ठरला की त्याच्यासोबत भाषाही नाहक बाद होते.

मग उरते काय? माझ्या मते उरते ते वाचन, आणि ते काय असते हे एका उदाहरणानेच सांगता येईल.

उत्तर इंग्लंडमध्ये हेड्रियनच्या भिंतीजवळ विंडोलांडा नावाचे रोमन ठाणे आहे. तेथील चिखलात १९७३ पासून लाकडाच्या पातळ पापुद्र्यांवर शाईने लिहिलेली पत्रे, हिशेब आणि याद्या सापडत आहेत. त्यांत इसवी सन १०० च्या सुमाराचे एक पत्र आहे. क्लॉडिया सेव्हेरा नावाच्या एका अधिकाऱ्याच्या पत्नीने विंडोलांडाच्या ठाणेप्रमुखाच्या पत्नीला, सुल्पिकिया लेपिडिना हिला, आपल्या वाढदिवसाला बोलावले आहे. पत्राचा मुख्य मजकूर लेखनिकाच्या हातचा आहे आणि शेवटच्या ओळी सेव्हेराने स्वतः लिहिल्या आहेत. स्त्रीच्या हातच्या लॅटिन अक्षरांचा तो सर्वांत जुन्या ज्ञात नमुन्यांपैकी एक मानला जातो. त्या ओळी अशा: "स्पेराबो ते, सोरोर. वाले, सोरोर, आनिमा मेआ, इता वालेआम, कारिस्सिमा, एत हावे."

दोन-तीन वर्षे लॅटिन शिकलेले मूल हे वाचू शकते. 'स्पेराबो'च्या शेवटी असलेल्या 'बो'मुळे कळते की बोलणारी 'मी' आहे आणि काळ भविष्य आहे, म्हणजे मी तुझी वाट पाहीन. पुढे 'वाले' आणि 'वालेआम' ही एकाच क्रियापदाची दोन रूपे शेजारी शेजारी येतात. पहिल्यात आज्ञार्थ आहे, तू सुखरूप राहा. दुसऱ्यात 'मी' आहे आणि इच्छा आहे, तसेच माझेही क्षेम असो. घाईने वाचणाऱ्याला दोन्ही ठिकाणी 'बरी राहा' एवढेच दिसते. शेवटची दोन अक्षरे पाहणाऱ्याला मात्र दिसते की सेव्हेराने आपले क्षेम मैत्रिणीच्या क्षेमाला बांधले आहे. 'सोरोर' म्हणजे बहीण, पण लेपिडिना ही तिची सख्खी बहीण नसावी. आपल्याकडे एखादीला मायेने 'ताई' म्हणतात तसे ते 'सोरोर' आहे, असे अभ्यासक मानतात. आणि वाढदिवस कधी, तर 'सप्टेंबरच्या इदुसच्या आधीचा तिसरा दिवस'. सप्टेंबरचा इदुस तेराव्या तारखेला येतो, आणि रोमन माणूस मोजताना शेवटचा दिवसही धरत असे, म्हणून मुलांना बोटांवर मोजून अकरा सप्टेंबर काढावा लागतो.

लॅटिनच्या तासाला प्रत्यक्षात घडते ते हेच. वाक्यातला एकही शब्द अंदाजाने सोडून देता येत नाही आणि अर्थ लागल्यावर समोर एक खरी व्यक्ती उभी राहते. आपली मुले दिवसभर पडद्यावर नजर सरकवत वाचतात. आठवड्यातून दोन-तीन तास तरी एका ओळीवर थांबणे त्यांना शिकवले जावे, असे मला कळकळीने वाटते. हे काम संस्कृत, अरबी किंवा अभिजात तमिळही करू शकेल. परंतु मूल ज्या भूमीवर वाढते आहे, तिथल्या मातीतून निघणारी पत्रे जर लॅटिनमध्ये असतील, तर ती वाचण्याचा हक्क फी भरणाऱ्यांच्याच मुलांना का असावा? शिवाय विंडोलांडाचा ठाणेप्रमुख आणि त्याची पलटण इटलीहून आलेली नव्हती. ते ऱ्हाईन नदीच्या मुखाजवळचे बटेव्हियन लोक होते. त्यांच्यासाठीही लॅटिन ही नंतर शिकलेलीच भाषा होती, त्यामुळे ती अमुक वंशाच्या किंवा वर्गाच्या मालकीची आहे ही समजूत त्या पापुद्र्यांपुढेच टिकत नाही.

इतर देशांत राहणाऱ्यांनी आणि भारतात भाषा शिकवणाऱ्यांनी आपले मत अवश्य लिहावे.

केदार_बर्लिन

वैखरीताई, जर्मनीतील चित्र इंग्लंडपेक्षा बरेच वेगळे आहे, म्हणून सविस्तर लिहितो. येथे गिम्नॅझियममध्ये, म्हणजे विद्यापीठाकडे नेणाऱ्या माध्यमिक शाळेत, लॅटिन ही दुसरी परकी भाषा म्हणून सहावी-सातवीत निवडता येते आणि इंग्रजी व फ्रेंचनंतर ती दीर्घकाळ तिसऱ्या क्रमांकावर राहिली आहे. ठरावीक पातळी गाठली की 'लाटिनुम' नावाचे प्रमाणपत्र मिळते आणि काही विद्यापीठांत इतिहासासारख्या विषयांसाठी ते आजही मागितले जाते. त्यामुळे लॅटिन घेणारे मूल येथे कोणाला विशेष वाटत नाही.

मला सांगायचे आहे ते बर्लिनच्या नॉयकोल्न भागातील एका प्रयोगाबद्दल. त्या भागात तुर्की आणि अरबी बोलणारी कुटुंबे मोठ्या संख्येने राहतात. हुम्बोल्ट विद्यापीठातील लॅटिन-अध्यापनाचे प्राध्यापक श्टेफान किप्फ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तेथील एका गिम्नॅझियमसोबत काम करताना असा प्रश्न विचारला, की ज्या मुलांची घरची भाषा जर्मन नाही, त्यांना लॅटिनच्या तासाचा जर्मन सुधारण्यासाठी उपयोग होईल का. प्रथमदर्शनी हे उलटे वाटते, कारण आधीच एक भाषा जड जात असताना वर तिसरी कशाला? परंतु त्यामागचा विचार पक्का आहे.

लॅटिनच्या तासाला बोलण्याची भाषा जर्मनच असते. तेथे उच्चारावरून किंवा घरच्या सवयीवरून कोणी पुढे जात नाही. डॉक्टरचा मुलगा आणि भाजीवाल्याची मुलगी एकाच रेषेवरून सुरुवात करतात. आणि भाषांतर करताना जर्मनकडे बाहेरून पाहावे लागते. 'आग्रिकोला फिलिआए रोसाम दात' हे साधे वाक्य घ्या: शेतकरी मुलीला गुलाब देतो. लॅटिनमध्ये 'एक' किंवा 'तो' अशी उपपदे नाहीत, जर्मनमध्ये ती लावल्याशिवाय वाक्यच होत नाही. तुर्कीतही निश्चित उपपद नाही, त्यामुळे या मुलांच्या चुका नेमक्या तेथेच होतात. भाषांतर करताना 'एक गुलाब की तो गुलाब, आणि का?' हा प्रश्न वर्गात उघड विचारला जातो, तर जर्मनच्या तासाला तो सर्वांना येतोच असे धरून पुढे जातात. ज्यांच्या मराठीत उपपदे नाहीत अशा आपल्यासारख्यांना जर्मन शिकताना याच जागी अडखळल्याचे आठवत असेल.

म्हणून थॉर्नडाइक आणि श्टेर्न यांचे निष्कर्ष मान्य करूनही माझे मत थोडे निराळे आहे. 'लॅटिनने मेंदू तल्लख होतो' हे खोटे आहे, परंतु 'लॅटिनमधून ज्या भाषेत भाषांतर करता त्या भाषेची समज वाढू शकते' हा लहान दावा खोटा ठरलेला नाही. मात्र त्यासाठी शिक्षकाने दोन्ही भाषांची तुलना जाणीवपूर्वक करायला हवी. आपोआप काही होत नाही. दुसरीही एक गोष्ट नोंदवतो. जर्मनीतही लॅटिन निवडणाऱ्यांत शिकलेल्या आईवडिलांची मुले जास्त असतात, आणि मुलाला 'चांगल्या' वर्गात बसवण्याचा मार्ग म्हणून काही पालक ते निवडतात. हे नॉयकोल्नच्या उदाहरणाने झाकून टाकणे प्रामाणिक होणार नाही.

मुक्ता_

मी इंग्लंडमध्ये एका सरकारी शाळेत अनेक वर्षे शिकवते आहे आणि वैखरी यांच्या हेतूबद्दल आदर ठेवूनही माझा विरोध नोंदवते.

शाळेचे वेळापत्रक रबराचे नसते. लॅटिनला आठवड्याचे तीन तास द्यायचे तर ते कोणत्या तरी विषयाचे काढून घ्यावे लागतात, आणि व्यवहारात ते फ्रेंच किंवा जर्मनचे काढले जातात, कारण दोन भाषा घेणारी मुले आज थोडी उरली आहेत. जर्मनचे वर्ग शाळांमागून शाळांत बंद होत आहेत. अशा वेळी जी भाषा बोलणारे शेजारच्या देशांत कोट्यवधी आहेत ती सोडून लॅटिनवर निधी खर्च करणे मला पटत नाही.

याहून मोठा मुद्दा आपल्या स्वतःच्या भाषांचा आहे. इंग्लंडमध्ये गुजराती, पंजाबी, बंगाली आणि उर्दू या विषयांची जीसीएसई परीक्षा होते. मराठीची होत नाही. माझ्या वर्गातली मुले घरी पोलिश, सोमाली, उर्दू, सिल्हेटी बोलतात. त्यांतील अनेकांना ती भाषा लिहिता-वाचता येत नाही आणि दोन पिढ्यांत ती घरातूनही जाते. विभक्ती, प्रत्यय, लिंग, वचन हे सारे त्या भाषांतही आहे. एका ओळीवर थांबून सावकाश वाचायचे असेल तर ते आजीचे पत्र वाचूनही शिकता येते, आणि त्या पत्राला उत्तर लिहिता येते हा लाभ वर मिळतो. सार्वजनिक पैसा मर्यादित असताना तो आधी कोठे जावा, याचे उत्तर मला तरी स्पष्ट दिसते.

योजना वर्षाच्या मध्येच थांबवली हे अन्यायाचे झाले, याबाबत दुमत नाही. परीक्षेच्या तयारीला लागलेल्या मुलांना असे अर्ध्यावर सोडणे कोणत्याही विषयात चुकीचेच आहे.

सासष्टीकर

या चर्चेत गोव्याचा उल्लेख व्हायला हवा, कारण मराठी-कोंकणी मुलखाशी लॅटिनचा संबंध चार शतकांहून जुना आहे आणि तो बहुतेकांच्या विस्मरणात गेला आहे.

आमच्या आजोबांच्या पिढीला मिस्साची, म्हणजे चर्चमधील उपासनेची, लॅटिन प्रार्थना सुरुवातीपासून शेवटपर्यंत तोंडपाठ होती. अर्थ फार थोड्यांना कळे. १९६२ ते ६५ च्या कॅथलिक चर्चच्या दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर उपासना कोंकणीत आली आणि ते योग्यच झाले, कारण न कळणाऱ्या शब्दांवर श्रद्धा टिकवण्यापेक्षा आपल्या भाषेत प्रार्थना करणे केव्हाही चांगले. परंतु त्यासोबत लॅटिन वाचू शकणारी माणसेही कमी होत गेली, आणि त्याचा तोटा आपल्या इतिहासाला झाला.

दोन उदाहरणे देतो. ख्रिस्तपुराणाचे कर्ते फादर थॉमस स्टीफन्स मराठी वाचकांना ठाऊकच आहेत. १५८३ साली त्यांनी गोव्याहून आपल्या भावाला पत्र लिहिले आणि त्यात, इकडच्या भाषांची रचना ग्रीक व लॅटिनशी मिळतीजुळती आहे, असे निरीक्षण नोंदवले. विल्यम जोन्स यांनी संस्कृतबद्दल तसे मत मांडले त्याला अजून दोनशे वर्षे होती. ते पत्र लॅटिनमध्ये आहे. स्टीफन्सना हे सुचले कारण त्यांच्या शालेय शिक्षणाचा पाया लॅटिनचा होता आणि विभक्तीचे प्रत्यय ओळखण्याची त्यांची नजर तयार होती. १६४० साली गोव्यातील राशोलला छापल्या गेलेल्या त्यांच्या कोंकणी व्याकरणाचा साचाही लॅटिन व्याकरणाचाच आहे.

दुसरे उदाहरण 'होर्तुस मलाबारिकुस' या ग्रंथाचे. केरळातील वनस्पतींवरचा हा बारा खंडांचा ग्रंथ १६७८ ते १६९३ या काळात ॲमस्टरडॅमला लॅटिनमध्ये छापला गेला. त्याच्या सिद्धतेत इट्टी अच्युतन या मलयाळी वैद्यांसोबत रंग भट, विनायक पंडित आणि अप्पू भट हे तीन कोंकणी वैद्य होते, आणि त्यांचे कोंकणीतील निवेदन पहिल्या खंडात नागरी लिपीत छापलेले आहे. आपल्या माणसांचे वनस्पतिज्ञान त्यात साठवलेले असूनही ते तीनशे वर्षे आपल्याला बंद राहिले. कालिकतचे वनस्पतिशास्त्रज्ञ के. एस. मणिलाल यांनी आयुष्याची कित्येक वर्षे खर्चून त्याचे इंग्रजी भाषांतर केले आणि केरळ विद्यापीठाने ते २००३ साली प्रसिद्ध केले. एका वनस्पतिशास्त्रज्ञाला हे काम अंगावर घ्यावे लागले, यावरून भारतात लॅटिन जाणणारे किती विरळ आहेत याची कल्पना यावी.

मुक्ताताईंचा मुद्दा मला मान्य आहे, शाळेत आधी घरची भाषा हवी. परंतु एखाद्या समाजात लॅटिन वाचणारे पन्नास-शंभर लोकही नसतील, तर आपलाच दस्तऐवज दुसऱ्याने सांगेल तसा ऐकावा लागतो. ते पन्नास-शंभर लोक कोणत्या ना कोणत्या शाळेतूनच निघणार, आणि महाविद्यालयात गेल्यावर अकस्मात सुरुवात करणाऱ्यांतले फार थोडे शेवटपर्यंत टिकतात.

जुनी_पाटी

मी महाराष्ट्रात माध्यमिक शाळेत संस्कृत शिकवून निवृत्त झाले. लॅटिन मला येत नाही. तरीही परीक्षेबद्दल एक काळजी व्यक्त करते.

आमच्याकडे दहावीला संस्कृत घेणारी असंख्य मुले 'स्कोअरिंग' म्हणून ते घेतात. शंभरपैकी अठ्ठ्याण्णव मिळवतात आणि अकरावीत गेल्यावर नवे सुभाषित समोर ठेवले तर त्यातले क्रियापद ओळखू शकत नाहीत. यात मुलांचा दोष नाही. प्रश्नपत्रिकेला पाठांतराने उत्तर देता येत असेल, तर पाठांतरच होणार. शब्द चालवता येतात, 'देव' शब्दाच्या आठही विभक्ती घडाघडा म्हणता येतात, आणि तेच रूप वाक्यात भेटले की ओळख पटत नाही, हे मी वर्षानुवर्षे पाहिले आहे.

वैखरी, तुमच्या लेखातील पत्राचे उदाहरण मला फार आवडले, कारण भाषाशिक्षणाचा प्राण तोच आहे. परंतु इंग्लंडच्या परीक्षेत मुले खरोखर असे वाचतात का? जीसीएसईसाठी नेमलेल्या लॅटिन उताऱ्यांचे इंग्रजी भाषांतर मुले तोंडपाठ करतात, असे तिकडच्या शिक्षकांच्या लेखनात मी वाचले आहे. तसे असेल तर तुम्ही सांगितलेले मोल परीक्षेच्या दारातच संपते. सरकारी शाळांत हा विषय न्यायचा तर कमी तासांत शिकवावा लागेल, आणि कमी तासांत पहिला बळी न पाहिलेल्या उताऱ्याचा जातो. त्याला उपाय काय, हे सांगावे.

वैखरी

सर्वांचे मनःपूर्वक आभार. जुनी_पाटी, तुमची शंका खरी आहे. नेमलेल्या वाङ्मयाच्या भागासाठी पाठांतर चालते आणि ते मी घरात पाहण्याच्या बेतात आहे. मात्र परीक्षेचा निम्मा भाग अपरिचित उताऱ्यांवर असतो. त्यासाठी शब्दसूची ठरलेली असते, वाक्ये नवी असतात, आणि तेथे पाठांतराने निभाव लागत नाही. माझ्या मते हा भाग वाढवून नेमलेले उतारे कमी करावेत. सोपे आणि खरे लॅटिन हवे तितके उपलब्ध आहे: विंडोलांडाची पत्रे, थडग्यांवरचे लेख, पॉम्पे या रोमन शहराच्या भिंतींवर लोकांनी कोरलेली वाक्ये. इंग्लंडमधील बहुसंख्य मुले ज्या पाठ्यपुस्तकमालेतून शिकतात, ती १९७० पासून पॉम्पेतील एका सावकाराच्या कुटुंबाभोवती रचलेली आहे आणि तो सावकार, कैकिलियस, खराखुरा होता. त्याच्या हिशेबाच्या मेणपाट्या तेथील उत्खननात सापडल्या आहेत. पहिल्या धड्यापासून मुले कथा वाचतात आणि रूपावल्या नंतर येतात. ही पद्धत प्रवेशाची अट गेल्यानंतरच्या पडत्या काळात तयार झाली आणि सर्व थरांतील मुलांना लॅटिन शिकवता येते हे तिने दाखवून दिले.

केदार, उपपदांचे उदाहरण फार मोलाचे आहे. लहान दावा करावा आणि तो नीट सिद्ध करावा, हे मला पूर्ण मान्य आहे.

मुक्ता, तुमच्या मुद्द्याला उत्तर देणे सर्वांत अवघड आहे. मराठीची परीक्षा व्हावी यासाठी कोणी अर्ज तयार केला तर त्यावर पहिली सही माझी असेल. परंतु इटलीत काय झाले ते पाहण्यासारखे आहे. तेथे १९६२ साली सर्व मुलांसाठी एकच माध्यमिक शाळा करण्यात आली, तेव्हा गरिबांच्या मुलांना अडवणारी भिंत म्हणून लॅटिन सक्तीतून काढले गेले आणि १९७७ मध्ये त्या टप्प्यावरून पुरते गेले. सक्ती काढणे योग्यच होते. तरीही लॅटिन काढण्याच्या विचाराला आधीच्या वर्षांत विरोध करणाऱ्यांत डाव्या विचाराचेच काही लोक होते. लॅटिनचे प्राध्यापक आणि कम्युनिस्ट पक्षाचे नेते कोंचेत्तो मार्केसी त्यांपैकी एक. त्याच्याही आधी इटलीचे मार्क्सवादी विचारवंत अंतोनियो ग्राम्शी यांनी तुरुंगातल्या टिपणांत इशारा दिला होता, की गरिबाच्या मुलासाठी शाळा सोपी आणि तात्काळ उपयोगाची करण्याच्या नादात आपण वर्गावर्गांतली दरी कायमची करून ठेवू. झालेही तसेच काहीसे: लॅटिन नाहीसे झाले नाही, ते पुढच्या टप्प्यावरील लिचेओंमध्ये, म्हणजे विद्यापीठाची तयारी करून घेणाऱ्या शाळांत, राहिले, आणि त्या शाळांत कोण जाते हे तेथील प्रत्येकाला ठाऊक आहे. २०२५ च्या जानेवारीत इटलीच्या शिक्षणमंत्र्यांनी माध्यमिक शाळेच्या दुसऱ्या वर्षापासून लॅटिन ऐच्छिक म्हणून परत आणण्याची घोषणा केली, तेव्हा हाच वाद नव्याने सुरू झाला.

सरकारी शाळेने लॅटिन सोडले म्हणून श्रीमंतांची मुले ते सोडत नाहीत. त्यांना ग्रीकही मिळते आणि फ्रेंचही मिळते. उपयोगाच्या तराजूत तोलून विषय फक्त आमच्या मुलांचेच का काढले जावेत, ही माझी खरी तक्रार आहे.

मुक्ता_

तुमची तक्रार रास्त आहे आणि तिला मी टाळणार नाही. माझा अनुभव मात्र असा की 'दोन्ही हवे' असे म्हटले की मुख्याध्यापक त्यांतले स्वस्त असेल ते निवडतात, आणि मोठ्या खासगी शाळांशी बरोबरी दाखवण्यासाठी लॅटिनचे नाव माहितीपत्रकात घालणे फार सोपे असते. एकच शिक्षक असेल, तो निघून गेला आणि वर्ग बंद पडला, असेही घडते. लॅटिन आणायचेच तर त्यासाठी कोणत्या अटी असाव्यात, हे तुम्ही सांगा.

वैखरी

माझ्या दृष्टीने तीन अटी आहेत. आधुनिक भाषेचा तास काढून लॅटिन देऊ नये. तो वेळ दुपारनंतरच्या ऐच्छिक तासांतून किंवा आठवड्यातून दोनदा शाळा सुरू होण्यापूर्वी काढावा, आणि घेणारी मुले कमी असतील तर जवळच्या दोन-तीन शाळांनी मिळून एक वर्ग चालवावा. शिक्षक एकाच शाळेचा न ठेवता त्या शाळांच्या गटाने नेमावा, म्हणजे एका मुख्याध्यापकाच्या निर्णयावर वर्ग अवलंबून राहणार नाही; 'क्लासिक्स फॉर ऑल' ही धर्मादाय संस्था २०१० पासून सरकारी शाळांतील शिक्षकांना यासाठी प्रशिक्षण देत आली आहे, त्यामुळे इंग्रजी किंवा इतिहासाच्या शिक्षकालाही तयार करता येते. आणि तिसरी अट सर्वांत महत्त्वाची: निधी देणारे कोणीही असो, ज्या वर्षीच्या मुलांनी हा विषय परीक्षेसाठी निवडला असेल, त्यांची परीक्षा होईपर्यंत तो वर्ग बंद होणार नाही, अशी लेखी हमी पालकांना निवडीच्या अर्जासोबतच मिळावी. आमच्या शाळेकडे मी ती या आठवड्यात मागितली आहे.